चार हजार तीनशे पंधरा फाइल्स

सोमवार, ५ ऑक्टोबर

कॉम्प्युटरने आज हात टेकले. स्टोअरच्या मालाची यादी उघडायला गेलो, तर स्क्रीनवर सूचना: जागा शिल्लक नाही. सी ड्राइव्हची पट्टी लालभडक. एकेक फोल्डर तपासत बसलो. माझ्या याद्या, चिमणीच्या शाळेचा अभ्यास, जुन्या सहलींचे फोटो, सगळं मिळून चिमूटभर. जागा अडवून बसला होता हिचा बेटाचा खेळ. अडतीस जीबी. बोट फुटून एक माणूस बेटावर येतो, झोपडी बांधतो, भाजी लावतो, ती काढतो आणि परत लावतो. झाला खेळ. दोन वर्षांपूर्वी मेहुणीबाईंचं, म्हणजे हिच्या मोठ्या बहिणीचं, आमच्याकडे येणं मी बंद केलं, तेव्हा दुपारी हिचा जीव रमावा म्हणून मीच तो आणला होता. इंटरनेट लागत नाही, कोणाशी बोलावं लागत नाही.

जेवताना म्हटलं, "तुझं बेट बुडवायची वेळ आली."

मी थट्टेत बोललो होतो. हिने हातातला घास ताटात ठेवला आणि म्हणाली, "काढून टाकू नका ना. दुसऱ्या ड्राइव्हवर नाही का हलवता येत? तुम्हाला जमेल."

आमची ही कधी काही मागत नाही. त्यामुळे बरं वाटलं. पण नुसतं "बघू" म्हणालो. लगेच हो म्हटलं की माणसं डोक्यावर बसतात.

दुसरी बातमी मोठी आहे. साहेबांनी आज कानावर घातलं. एक नोव्हेंबरपासून खाणीजवळच्या डेपोचं स्टोअर माझ्याकडे. राहायला क्वार्टर, भोवती उंच भिंत, फाटक एकच. फोनला रेंज नाही, शाळा नाही, बस अकरा किलोमीटरवर थांबते. साहेब बिचारे अपराधी चेहऱ्याने सांगत होते. मला मात्र मनापासून आनंद झाला. घरात बाहेरचं वारं शिरलं नाही की माणसं एकमेकांशी नीट वागतात. चिमणी नऊ वर्षांची आहे, तिला ही घरीच शिकवील. हिला अजून सांगितलेलं नाही. योग्य वेळ बघून सांगेन.

बुधवार, ७ ऑक्टोबर

खेळ हलवायला हो म्हटलं. अट एकच, माझ्या पद्धतीने.

पद्धत म्हणजे काय ते लोकांना कळत नाही. सोळा वर्षं मशीनचे सुटे भाग सांभाळतोय. बेअरिंग कुठल्या रॅकवर, कुठल्या खणात, हे मी झोपेतही सांगीन. वस्तू जागची हलली की चिठ्ठी: काय हललं, कुठून, कुठे, किती नग, सही. घरातही तेच. हिचे दोन खण, चिमणीचा एक. संध्याकाळी सातला सगळे फोन माझ्या टेबलावरच्या ट्रेमध्ये. महत्त्वाची कागदपत्रं माझ्या कपाटात, किल्ली माझ्याजवळ. गेल्या महिन्यात दोन दिवस तापाने फणफणलो होतो, तेवढी किल्ली हिच्याकडे होती. उठून बघतो तर कपाट लख्ख, सगळे कागद ओळीने लावलेले. तेव्हा कौतुकच वाटलं होतं.

आज कपाटातली बाहेरची छोटी ड्राइव्ह काढली, रिकामी केली, चिठ्ठी डकवली. ही शेजारी उभी राहून बघत होती. माउस डाव्या हाताने धरते. उजवं मनगट दाराच्या फटीत सापडलं होतं, त्याला दोन महिने झाले, पण हिचं दुखणं लवकर बरं होत नाही.

"हलवताना काही राहून गेलं तर?" तिने विचारलं.

"माझ्या हातून?" मी म्हटलं.

हसली. बऱ्याच दिवसांनी.

गुरुवार, ८ ऑक्टोबर

आज कॉपी केली. आधी मोजणी. जुन्या जागी फाइल्स चार हजार तीनशे बारा. कॉपी व्हायला पाऊण तास लागला. नव्या जागी मोजल्या, चार हजार तीनशे बारा. आकारही तंतोतंत. दोन्ही आकडे चिठ्ठीवर लिहिले, खाली सही केली.

एवढं करूनही खेळ चालेना. चिन्हावर टिचकी मारली की तो जुन्याच जागी जाऊन शोधायचा. खेळ ज्या प्रोग्राममधून सुरू होतो, त्याला घर बदलल्याचं कोणी सांगितलंच नव्हतं. मी चिडलो हे कबूल करतो. ही घाबरून म्हणाली, "गेलं का सगळं?" आवाज इतका बारीक की मलाच कसंतरी झालं. एका खेळासाठी एवढा जीव? तिला समजावलं, की माल गेलेला नाही, फक्त पत्ता चुकलाय.

"मग उघडून बघता का, नीट आलंय का?"

तिला स्टोअरचा पहिला नियम सांगितला. सीलबंद खोकं उघडायचं नसतं, मोजायचं असतं. उघडलं की सील गेलं, आणि सील गेलं की जबाबदारी तुमची. आकडा जुळला म्हणजे माल आला.

"हो," ती म्हणाली. "आकडा जुळला म्हणजे झालं."

शुक्रवार, ९ ऑक्टोबर

जमलं. प्रोग्रामच्या सेटिंगमध्ये जाऊन नवा पत्ता दिला. त्याने एकेक फाइल पडताळली आणि खेळ नव्या ड्राइव्हवरून सुरू झाला. निळं पाणी, वाळू, आणि तो माणूस किनाऱ्यावर उभा. मग जुनी प्रत काढून टाकली. सी ड्राइव्हची पट्टी निळी झाली तेव्हा जीव भांड्यात पडला.

मूड चांगला होता म्हणून बदलीचंही सांगून टाकलं. भिंत, फाटक, रेंज नसणं, शाळा घरीच. मला वाटलं होतं रडारड होईल. ही म्हणाली, "बरं. कधी निघायचं?"

"एक तारखेला पोचायचं."

"आणि तुमचा चार्ज?"

"सत्तावीसला देणार. पूर्ण मोजणी करूनच. सकाळी सातला आत गेलो की सही होईपर्यंत बाहेर येता येत नाही. फोनसुद्धा फाटकावर ठेवावे लागतात."

"म्हणजे पूर्ण दिवस," ती म्हणाली. माझ्या दमणुकीची हिला काळजी. अशी बायको मिळायला नशीब लागतं, हे मी तिला कधी सांगत नाही, पण इथे लिहायला हरकत नाही.

मंगळवार, १३ ऑक्टोबर

मी अधूनमधून अचानक मोजणी करतो. स्टोअरमध्येही आणि घरीही. आज संध्याकाळी ड्राइव्हची केली. फाइल्स चार हजार तीनशे पंधरा.

तीन जास्त. पुन्हा मोजल्या. तरी तीन जास्तच. कमी भरलं तर चोरी म्हणता येते. जास्त भरलं की मात्र मला झोप लागत नाही, कारण याचा अर्थ माझ्या नोंदीबाहेर कोणीतरी माल आणून ठेवला.

हिला बोलावलं. ओट्याजवळ होती, हात पुसत आली. इतक्या उकाड्यातही लांब बाह्यांचा झगा घातला होता.

"हा खेळ आपोआप साठवतो," ती म्हणाली. "खेळ थांबवताना मी होते तिथलं चित्र ठेवतो. परवा बंद केला तेव्हा ठेवली असतील."

"तीन?"

"तीनदा बंद केला."

पटलं. चिठ्ठीवर आकडा दुरुस्त करून तारीख घातली. कॉम्प्युटरला फोनची वायर लावलेली दिसली, तीही काढून जागेवर ठेवली. फोन चार्ज करायला भिंतीत सॉकेट आहे हे किती वेळा सांगायचं.

चिमणी कालपासून माझ्याशी बोलत नाही. मी खोलीत शिरलो की आईच्या मागे. मुलं रुसतात, त्याचा राईचा पर्वत करायचा नाही. तिला रंगीत पेन्सिलींचा डबा आणला. घेतला, पण उघडला नाही.

गुरुवार, १५ ऑक्टोबर

आज घरी आलो तर कॉम्प्युटरच्या शेजारी ड्राइव्ह नाही. हिचे दोन्ही खण पाहिले, नाही. स्वयंपाकघर, नाही. चिमणीच्या दप्तरात सापडली. डब्याच्या खाली, रुमालात गुंडाळलेली.

चिठ्ठी न करता वस्तू घराबाहेर जाणार होती. माझ्या घरात.

ही म्हणाली, चिमणीला मैत्रिणींना बेट दाखवायचं होतं, शाळेत कॉम्प्युटरचा तास असतो. चिमणीला विचारलं, "खरं का गं?" तिने आईकडे पाहिलं आणि मान हलवली. मला हो वाटलं, पण ती मान कशीही वाचता आली असती.

मी ओरडलो नाही. चिमणीला बाल्कनीत पाठवलं, खोलीचं दार लावलं आणि हिला नीट समज दिली, हळू आवाजात. हळू आवाजात सांगितलेलं जास्त लक्षात राहतं. मग ड्राइव्ह माझ्या कपाटात ठेवून कुलूप लावलं. आता खेळायचं तर मी घरी असताना, माझ्यासमोर.

ती कुलपाकडे बघत राहिली. नंतर पोरीसाठी दूध तापवायला गेली आणि दूध उतू जाईपर्यंत तिथेच उभी होती. तिला शरम वाटली असणार.

सोमवार, १९ ऑक्टोबर

रविवारभर याच विचारात होतो, की ड्राइव्ह नीटनेटकी करून टाकावी. खाणीवर नवी मिळणार नाही, आणि मला स्टोअरच्या याद्यांची एक प्रत याच ड्राइव्हवर ठेवायची आहे. आज लवकर आलो, कपाटातून ती काढली आणि जोडली. पहिल्यांदा दिसलीच नाही. परवा ड्राइव्हला एफ अक्षर होतं, आज दुसऱ्या पोर्टमध्ये लावली तर जी झालं, आणि खेळ एफवर शोधत बसला. अक्षर कायमचं एफ करून टाकलं. एवढ्या तेवढ्याने ज्याचा पत्ता चुकतो त्यावर लोक विश्वास कसा ठेवतात कोण जाणे.

मग फोल्डरमध्ये शिरलो. आतमध्ये आणखी फोल्डर, त्यात आणखी. एकात नुसती चित्रं निघाली. साठ-सत्तर असतील. नावं म्हणजे नुसते आकडे. खेळ थांबवताना साठवलेली म्हणते ती हीच असणार. म्हटलं, बेटाची इतकी चित्रं ठेवून करायचंय काय, दोन-चार बघून बाकीची काढून टाकावीत. पहिल्या चित्रावर बाण नेला.

"अहो, त्याला हात लावू नका."

ही दारात उभी होती. चेहरा पांढराफटक. मी वळून पाहिलं.

"का?"

"तुम्हीच सांगितलंत ना, फोल्डरमधलं एक जरी हललं तरी खेळ बंद पडतो. पडताळणीत अडकतो. परत पहिल्यापासून सगळं करावं लागेल. आणि चिठ्ठीवर चार हजार तीनशे पंधरा आहेत. खाली तुमची सही आहे."

मी बाण मागे घेतला. खरं सांगायचं तर लग्नाच्या दहा वर्षांत पहिल्यांदा वाटलं, की हिला माझी पद्धत कळली. आकडा, सही, सील, सगळं माझ्याच शब्दांत. मी हसून म्हटलं, "शाबास." ती भिंतीला टेकून खाली बसली. उभ्यानेच चक्कर आली म्हणाली. दुपारी काही खाल्लं नव्हतं. तिला पाणी दिलं, मोजणी केली, चार हजार तीनशे पंधरा. ड्राइव्ह कपाटात, कुलूप.

शुक्रवार, २३ ऑक्टोबर

घरात बांधाबांध जोरात. हिच्या अंगात नुसता उत्साह संचारलाय. भांडी, पुस्तकं, पांघरुणं, प्रत्येक खोक्यावर आकडा आणि आत काय त्याची यादी. चौदा खोकी होतील. चिमणीचे कपडे आणि हिचे कपडे दोन वेगळ्या खोक्यांत, लहान, उचलायला सोपी. मी काही सांगायच्या आत करून मोकळी. बदलीने माणूस सुधारतो हे मी साहेबांना सांगणार आहे.

चहा पिताना तिने सहज विचारलं, "कपाट ट्रकमधूनच जाणार?"

"मग काय डोक्यावरून?"

"नाही, खाणीचा रस्ता खराब आहे म्हणाला होतात. ड्राइव्ह आत असेल आणि गचके बसले तर?"

मी कप खाली ठेवला. मुद्दा बरोबर होता. या जुन्या ड्राइव्हमध्ये तबकडी फिरते आणि तिच्यावर सुईसारखं टोक चालतं. एक जोरदार गचका आणि अडतीस जीबी माती. तिला सगळं कागदावर आकृती काढून समजावलं. फार लक्ष देऊन ऐकलं. अशी वस्तू नेहमी हातात, मऊ कापडात, अंगाजवळ न्यावी.

"मग मी माझ्या पर्समध्ये ठेवते," ती म्हणाली. "तुम्ही म्हणाल तेव्हा द्या."

सोमवार, २६ ऑक्टोबर

उद्या मोजणी. पहाटे साडेपाचला उठायचं, म्हणून लवकर आवरलं. कपाट रिकामं केलं, ड्राइव्ह काढली, शेवटची मोजणी केली. आकडा बरोबर. चिठ्ठीवर लिहिलं: कुठून, कपाट. कुठे, हिची पर्स. सही केली आणि तिच्या हातात दिली.

दोन्ही हातांनी घेतली. "थँक्यू," म्हणाली. नवरा-बायकोत कसलं थँक्यू. पण ऐकायला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

मंगळवार, २७ ऑक्टोबर

माझ्या जागी आलेला स्टोअरकीपर हा माणूस नाही, डोक्याला ताप आहे. सोळा वर्षांत माझा एक नग कमी भरला नाही. आजही भरला नाही. रॅक एक ते रॅक चाळीस, आकडा जुळला. सही करायची, चहा प्यायचा, घरी जायचं. पण नाही. म्हणे, "खोकी उघडून दाखवा."

मी म्हटलं, "सील आहे त्यावर."

"सील दिसतंय. आत काय आहे ते दिसत नाही."

साहेबांनीही त्याचीच री ओढली. उघडली. रॅक बावीसवरच्या तीन खोक्यांत बेअरिंगऐवजी गंजके जुने तुकडे निघाले. कंपनीतून आलं तेव्हाच तसं असणार, किंवा मधल्या काळात कोणी बदललं असणार. माझा काय संबंध? मी आकडा सांभाळतो. सगळ्यांसमोर तो म्हणाला, "म्हणजे सोळा वर्षं तुम्ही खोकी मोजत होता, माल नाही." कानशिलं तापली. कसाबसा हात आवरला.

सही व्हायला संध्याकाळचे साडेसहा झाले. हे सगळं घरी जाऊन कधी एकदा हिला सांगतो असं झालं होतं. दाराला कुलूप. माझ्याकडच्या किल्लीने उघडलं.

घर स्वच्छ. खोकी भिंतीला ओळीने. मोजली, बारा. परत मोजली.

बारा.

दोघींचे फोन टेबलावर, ट्रेमध्ये, बंद करून ठेवलेले. सात वाजायला पाच मिनिटं होती.

बुधवार, २८ ऑक्टोबर

शाळेत गेलो. वर्गशिक्षिकेने सांगितलं, चिमणीचा शाळा सोडल्याचा दाखला तिच्या आईने नेला. कधी? वीस दिवस झाले. म्हणजे आठ तारखेला, आणि पोरगी सोमवारपर्यंत वर्गात येत होती. मी बदलीचं सांगितलं नऊला. म्हणजे बदलीमुळे गेली असंही म्हणता येत नाही. मग कशामुळे? या बाईला घरात कमी काय होतं, हे मला कोणीतरी सांगा.

मेहुणीबाईंना फोन केला. दोन वर्षांनी. त्या म्हणाल्या, "ती सुखरूप आहे. एवढंच सांगते." आणि ठेवला. सुखरूप म्हणे. जसं काही इथे तिच्यावर वाघ सोडला होता.

साहेबांकडून रुजू व्हायला पंधरा दिवस वाढवून घेतले.

कॉम्प्युटर सुरू करून बसलो. बेटाचं चिन्ह तिथेच आहे. टिचकी मारली तर म्हणतो, ड्राइव्ह सापडत नाही, जोडा आणि पुन्हा प्रयत्न करा. तीन-चारदा मारली. मग मला रडू आलं. लिहायला लाज वाटते, पण आलं. माझ्या माणसांची जागा मला माहीत नाही, असं आयुष्यात पहिल्यांदा झालं.

सापडली की ओरडणार नाही. शांतपणे बसवीन, दार लावून घेईन आणि हळू आवाजात विचारीन.

सोमवार, ९ नोव्हेंबर

कोर्टाच्या आवारातल्या एका कार्यालयातून पत्र आलं. गुरुवारी अकरा वाजता हजर राहायचं. कौटुंबिक बाब. पत्रात शेवटी लिहिलंय, तोवर पत्नी किंवा मुलीला भेटण्याचा प्रयत्न करू नये. कोणी शिकवलं असेल हिला हे? दिवसभर घरात, बोटावर मोजण्याइतकी माणसं ओळखीची, आणि तीही मला विचारून.

जाणार. कर नाही त्याला डर कशाला, असं माझं सरळ आहे.

गुरुवार, १२ नोव्हेंबर

लहान खोली, पंखा आवाज करणारा. अधिकारी बाई साधारण माझ्याच वयाच्या, चष्मा डोक्यावर सरकवलेल्या. समोरच्या बाजूला ही आणि मेहुणीबाई. चिमणीला आणलं नव्हतं. हिने केस कापलेत. माझ्याकडे पाहत नव्हती. खिडकीकडेही नाही. टेबलावर ठेवलेल्या ड्राइव्हकडे पाहत होती.

ड्राइव्ह माझीच. वर माझी चिठ्ठी, माझं अक्षर.

"ही तुम्ही ओळखता?" बाईंनी विचारलं.

"अर्थात."

"यावरच्या फाइल्स कोणी कॉपी केल्या?"

"मी. हिला कुठे येतंय?"

"तुम्ही एकट्याने?"

"एकट्याने. चार हजार तीनशे पंधरा. वेळोवेळी मोजल्यात. सव्वीस तारखेला हिच्या हातात देतानाही मोजल्या. चिठ्ठीवर सगळं आहे."

"म्हणजे नंतर यात काही घातलेलं नाही, हे तुम्ही स्वतः सांगताय."

"शक्यच नाही. आकडा बघा, जुळेल."

बाईंनी आकडा पाहिला. जुळला. त्यांनी ते लिहून घेतलं आणि मला वाचून सही करायला सांगितली. केली. मग त्यांनी ड्राइव्ह त्यांच्या कॉम्प्युटरला जोडली, एकात एक असलेले फोल्डर उघडले आणि स्क्रीन माझ्याकडे वळवली.

बेटाची नव्हती चित्रं. आधी हिची पदवी, आमच्या लग्नाचा दाखला, चिमणीच्या जन्माचा, सगळी माझ्या कपाटातली. मग मनगट. मग पाठ. कान आणि त्याच्या खालचा भाग. खोलीचं दार, बाहेरून कडी लावलेलं. दंड, बोटांच्या खुणा मोजता येतील असे. एक दंड फार लहान होता. प्रत्येक चित्रात शेजारी वर्तमानपत्र, त्यावर त्या दिवसाची तारीख.

मी म्हटलं, हे बनवलेलं आहे. कॉम्प्युटरवर काहीही बनवता येतं.

"पण तुम्ही तर तपासल्यात म्हणालात."

मी काही बोलायच्या आत ही बोलली. तेवढंच एक वाक्य, सबंध तासाभरात. बाईंकडे बघत, माझ्याकडे नाही.

"यांनी उघडून नाही बघितल्या. मोजल्या."

बाईंनी तारखांची यादी माझ्याकडे दिली. दोन वर्षांतल्या एकवीस तारखा. पुढच्या आठवड्यात प्रत्येक तारखेबद्दल माझं म्हणणं लेखी द्यायचं आहे. मी म्हटलं, आनंदाने. मी रोजनिशी लिहिणारा माणूस आहे.

घरी येऊन वह्या काढल्या. दोन वर्षांच्या पाच वह्या. यादी शेजारी ठेवून एकेक तारीख शोधली, आत्ता कुठे संपलं. पहिली तारीख, त्या दिवसाचं पान नाही. दुसरी, नाही. मनगटाची, नाही. शेवटची बारा ऑक्टोबर. त्याच्या आधी नऊचं पान आहे आणि नंतर तेराचं.

काही घडलं तरच लिहायचं, अशी माझी पद्धत आहे. उगाच पानं भरत नाही. एकवीसपैकी एकाही तारखेला माझ्या वहीत अक्षर नाही. याचा अर्थ उघड आहे, त्या दिवशी काहीही घडलेलं नव्हतं.

आधीच्या चार वह्या पिशवीत भरल्या. ही लिहून झाली की हीसुद्धा टाकतो. उद्या सकाळी कार्यालय उघडताच बाईंच्या हातात देईन आणि म्हणीन, सगळ्या उघडून वाचा.